रसदीचा दुसरा रस्ता



मी रायपूरहून बोलतोय. तीस वर्षं फौजेत, पायदळात काढली आणि निवृत्त होऊन परत आमच्या तात्यापाऱ्यातल्या जुन्या घरी आलो. आमचं घराणं नागपूरकर भोसल्यांच्या काळात इकडे आलं, असं आजोबा सांगायचे. त्यामुळे माझं मराठी हे रायपूरचं मराठी आहे. मधेच हिंदीची फोडणी पडेल, सांभाळून घ्या.

निवृत्त फौजी माणसाला बोलायला बोलावलं, की लोकांची अपेक्षा ठरलेली असते. गोळीबार, गस्त, बर्फातली रात्र. या मालिकेच्या मंडळींनीही फोनवर तेच सुचवलं, "सर, एखादा थरारक अनुभव सांगा." मी म्हटलं, मी गवतावर बोलतो. पलीकडे जरा वेळ शांतता झाली. मग मी खुलासा केला की गवत म्हणजे बांबू. तरी त्यांचं समाधान झालं असं वाटलं नाही. तुमचं होतं का बघू.

बांबू हे गवत आहे, हे आधी स्पष्ट करून टाकतो. ऊस, गहू, भात यांच्याच कुळातला तो. आपल्या १९२७ च्या वन कायद्याच्या व्याख्येत मात्र त्याला झाडांमध्ये बसवलं होतं. ती व्याख्या बदलायला २०१७ साल उजाडावं लागलं. नव्वद वर्षं कागदावर एक गवत झाड म्हणून वावरलं. असो. कागदाचं सोडा, आपण डोंगरावर जाऊ.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीची गोष्ट. मी तेव्हा मेजर होतो, सिक्कीममध्ये एका कंपनीचा कमांडर. चौकी साधारण दहा हजार फुटांवर. चौकीचं नाव सांगत नाही, त्याची गरजही नाही. वर फरची उंच झाडं, मधे गुरांस, म्हणजे ऱ्होडोडेंड्रॉन, आणि खाली जमिनीलगत माणसाच्या डोक्याइतका बांबू. आपल्याकडचा जाड कळक नव्हे. बोटाएवढ्या जाडीच्या काड्या, पण इतक्या दाट की आत शिरलात तर दहा पावलांवरचा माणूस दिसत नाही. तिथले नेपाळीभाषक लोक त्याला मालिंगो म्हणतात.

या मालिंगोत रोज सकाळी एक पाहुणा यायचा. मांजरापेक्षा थोडा मोठा, अंग तांबूस, पोट आणि पाय काळे, जाड शेपटीवर पट्टे. ऊन आलं की फरच्या फांदीवर ऊन खात पडायचा. मग खाली उतरून एका पडलेल्या ओंडक्यावर बसायचा आणि समोरच्या बांबूची पानं एकेक तोंडात घालायचा. आमचे जवान त्याला 'हवालदार साब' म्हणायचे, कारण हजेरी चुकवायचा नाही. तो होता लाल पांडा. तिकडचे लोक हाब्रे म्हणतात. सिक्कीमचा हा राज्यप्राणी.

एक गंमत सांगतो. पांडा म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काळा-पांढरा, चीनमधला येतो. पण पांडा हे नाव आधी आपल्या या लाल पांड्याचं. फ्रेडरिक क्युव्हिए या फ्रेंच शास्त्रज्ञाने त्याचं वर्णन १८२५ मध्ये केलं. चीनमधला मोठा पांडा पाश्चात्त्य शास्त्राला कळला १८६९ मध्ये, म्हणजे चव्वेचाळीस वर्षांनी. दोघांचं फारसं जवळचं नातंही नाही. मोठा पांडा अस्वलाच्या कुळातला, हा स्वतःच्या वेगळ्या कुळातला. दोघांना एकत्र आणतो तो बांबू. मांसाहारी पूर्वजांकडून मिळालेलं आखूड आतडं, आणि त्यात टाकायचं काय, तर गवत. मोठा पांडा जे खातो त्यातलं जेमतेम पाचवा हिस्सा पचवतो. म्हणून त्याला दिवसाला बारा किलोपासून अडतीस किलोपर्यंत बांबू लागतो आणि दिवसातला अर्धा वेळ निव्वळ खाण्यात जातो. दोघांच्याही मनगटापाशी एक हाड अंगठ्यासारखं वाढलेलं आहे. कशासाठी? काडी धरायला.

तर आमची चौकी. मालिंगो दाट असल्यामुळे समोरचं दिसत नव्हतं, आणि चौकीसमोर दिसायला हवं, हे आम्हाला पहिल्या दिवसापासून शिकवलेलं असतं. त्यात हिवाळा तोंडावर. शेकोटीला लाकूड हवं, बंकरच्या आतल्या बाजूला चटया हव्यात. मी आदेश दिला: चौकीभोवतीचा बांबू साफ करा आणि पडलेले ओंडके फोडून जळणाला घ्या. आदेश माझा होता, दुसऱ्या कुणाचा नव्हता. आमच्याकडे सामान वाहणारा एक वयस्कर माणूस होता, खालच्या गावचा. तो माझ्यापाशी येऊन म्हणाला, "साब, सगळं नका कापू. वरच्या अंगाचा पट्टा ठेवा. हाब्रेचा चारा आहे." मी म्हटलं, "दाजू, जंगल काय कमी आहे? जाईल पलीकडे." दाजू म्हणजे थोरला भाऊ, तिकडे असंच म्हणतात. तो पुढे काही बोलला नाही.

आठ दिवसांत काम झालं. समोरचं छान दिसू लागलं. हवालदार साब मात्र हजेरीला यायचे बंद झाले. आमची तुकडी तिथून हलली तोपर्यंत परत कुणाला दिसले नाहीत.

मला तेव्हा त्याचं फार काही वाटलं नाही. पुष्कळ वर्षांनी दार्जिलिंगजवळच्या सिंगालीला जंगलातल्या लाल पांड्यांच्या अभ्यासाविषयी वाचलं. त्यात होतं, की हा प्राणी बुटका, बांबूची कोवळी पानं त्याच्या डोक्याच्या वर. म्हणून तो पडलेल्या ओंडक्यावर किंवा झुडपावर चढून पानांपर्यंत पोचतो. नुसता बांबू असून भागत नाही, शेजारी ओंडकाही लागतो. मी वाचता वाचता थांबलो. मी एकाच आदेशात त्याचं ताट उचललं होतं आणि खालचा पाटही.

त्या दिवसापासून हे गवत माझ्या मागे लागलं.

आता हे गवत वागतं कसं, ते बघा. आमची थोडी शेती आहे, रायपूरहून आरंगकडे जाताना. बांधावर आजोबांनी बांबूचं एक बेट लावलं होतं. मी तेव्हा शाळेत होतो. जात मानवेल, आपल्या छत्तीसगडच्या आणि गडचिरोली-चंद्रपूरच्या जंगलात सगळीकडे दिसते ती, भरीव, लाठीची. पन्नासेक वर्षं त्या बेटाने आम्हाला काठ्या दिल्या, मांडवाला वासे दिले. आमच्या घरात जी जी माणसं गेली, त्यांच्या तिरड्यांचे बांबूही त्यातलेच. २०२२ च्या मार्चमध्ये आमच्या शेतावर काम करणाऱ्या काकांचा फोन आला, "साहेब, बांस फुललाय. आता दुकाल पडणार."

जाऊन बघितलं. पानं जवळजवळ गळालेली, आणि प्रत्येक काडीला पेरापेरावर गोंड्यासारखे फुलांचे झुबके. दिसायला भाताच्या लोंबीचे भाऊबंद. तेवढ्यात वडिलांच्या एका जुन्या मित्राच्या मुलाचा दुर्गहून फोन. वडिलांनी कधीकाळी याच बेटातला कंद त्यांना दिला होता. तोही त्याच महिन्यात फुलला होता. दोन गावं, दोन मातीच्या जाती, दोन मालक, पण आतलं घड्याळ एकच. उन्हाळ्यात बी पडलं, उंदीर आले, पाखरं आली. पावसाळ्यापर्यंत सगळं बेट वाळून पिवळं झालं आणि खाली पऱ्हं टाकल्यासारखी बारीक हिरवी रोपं उगवली.

बांबूच्या बहुतेक जाती असंच करतात. आयुष्यभर नुसतं वाढायचं, कंदातून नवे कोंब काढत राहायचं, आणि एकदाच फुलून मरायचं. सह्याद्रीतली कारवी सात-आठ वर्षांनी एकदम फुलते आणि मरते, हे महाराष्ट्रातल्या मंडळींनी पाहिलं असेल. बांबूचंही तसंच, फक्त मुदत मोठी. कुणाची पंचवीस-तीस वर्षं, कुणाची अठ्ठेचाळीस, आणि जपानमध्ये लावतात त्या एका जातीची तर एकशेवीस वर्षं. पुष्कळ जातींत एकेका डोंगराचा सगळा बांबू एकाच वेळी जातो.

असं का? डॅनियल जॅन्झन नावाच्या शास्त्रज्ञाने १९७६ मध्ये यावर एक प्रसिद्ध निबंध लिहिला. त्याचं म्हणणं फौजी माणसाला लगेच पटतं. दरवर्षी थोडं थोडं बी टाकलं तर उंदीर-पाखरं ते सगळं फस्त करतील आणि त्याच खुराकावर वाढतील. त्यापेक्षा वर्षानुवर्षं काहीच द्यायचं नाही, शत्रूची संख्या कमी ठेवायची, आणि मग एका हंगामात इतकं ओतायचं की खाऊन खाऊन त्यांची पोटं फुटली तरी बी उरलं पाहिजे. सगळी राखीव फौज एकाच दिवशी उतरवायची.

बांबूच्या दृष्टीने योजना उत्तम आहे. पण त्याच्यावर पोट असलेल्यांचं काय?

चला चीनमध्ये. १९७० च्या दशकाच्या मध्यावर मिनशान पर्वतरांगेत बांबूच्या काही जाती एकदम फुलल्या आणि वाळल्या. नंतर मोजणी झाली तेव्हा पांड्यांची १३८ प्रेतं मिळाली. मिळाली ती एवढी. जगभर बातमी झाली. मग १९८३ मध्ये सिचुआन प्रांतात वोलाँगच्या बाजूला वरच्या उंचीवरचा बाण-बांबू फुलला, तेव्हा साहजिकच हाहाकार उडाला. देशोदेशी निधी गोळा झाला, पांडे पकडून वाचवण्याची मोहीम निघाली.

त्याच वेळी तिथे जॉर्ज शॅलर हा अमेरिकी अभ्यासक आणि हू जिन्चू हे चिनी प्राध्यापक पांड्यांच्या गळ्यात रेडिओ-पट्टे बांधून त्यांचा माग काढत होते. त्यांना काय दिसलं? वरचा बाण-बांबू मेला, तेव्हा काही पांड्यांनी उरलेसुरले हिरवे पट्टे शोधले, आणि काही डोंगर उतरून खालच्या छत्री-बांबूकडे वळले. ती वेगळी जात, तिचं घड्याळ वेगळं, ती फुलली नव्हती. भीती होती तसं मरण तिथे आलं नाही. उलट वाचवायला म्हणून पकडलेल्यांपैकी अनेक पांडे पुन्हा जंगलात गेलेच नाहीत, ही शॅलरची तक्रार होती.

एकाच देशात, दहा वर्षांच्या अंतराने, फुलोरा दोन्हीकडे सारखाच. मग एका ठिकाणी प्रेतं आणि दुसऱ्या ठिकाणी नाहीत, हे कसं? मुख्य फरक खालच्या उतारात होता. बांबू फुलण्याची गोष्ट पांड्याला नवी नाही, लाखो वर्षं तो हे बघत आलाय. एक जात संपली की तो दुसऱ्या जातीकडे चालत जायचा. पण जिथे खालचं खोरं तोडून शेती झाली, गावं आणि रस्ते झाले, तिथे दुसरी जात उरली नाही, किंवा असली तरी तिथवर जायची वाट उरली नाही. बांबूने पांड्याला दगा दिला नव्हता. वाट आपण बंद केली होती.

सैन्यात आम्हाला रसदीचा पहिला धडा शिकवतात तो हाच. पुढच्या चौकीला जाणारा रस्ता एकच असेल, तर ती चौकी मजबूत समजू नका, कितीही धान्य भरून ठेवलेलं असो. रस्ता बर्फाने बंद होईल, दरड कोसळेल, पूल वाहून जाईल. त्या दिवशी दुसरा रस्ता आहे का, एवढंच विचारा. पांडा हा प्रश्न लाखो वर्षांपूर्वीच सोडवून बसला होता. छिनलिंग पर्वतात तर तो दरवर्षी हेच करतो. वसंतात खालच्या जातीचे कोंब खातो. ते जून झाले की जूनमध्ये डोंगर चढून वरच्या जातीच्या कोंबांकडे जातो, कारण थंडीमुळे वरचे कोंब उशिरा फुटतात. कोवळ्या कोंबात सत्त्व जास्त, म्हणून कोंबांच्या मागे मागे त्याची चढाई.

चीनने २०१५ मध्ये जाहीर केलेल्या गणनेत जंगलात १,८६४ पांडे मिळाले. आकडा वाढतोय, चांगलं आहे. पण ते तेहतीस तुकड्यांत विखुरलेले आहेत आणि त्यातल्या निम्म्याहून अधिक तुकड्यांत दहापेक्षाही कमी पांडे. म्हणून २०२१ मध्ये त्यांनी सिचुआन, शान्शी, गान्सू या तीन प्रांतांतली जंगलं जोडून मोठं राष्ट्रीय उद्यान केलं. म्हणजे शेवटी ते दुसऱ्या रस्त्याच्याच कामाला लागले.

आता तुम्ही म्हणाल, कर्नलसाहेब, पांड्यांचं ठीक आहे, माणसाचं काय? तर मी सिक्कीमच्या आधीचं सांगतो.

१९८४. मी नवा लेफ्टनंट, मिझोराममध्ये, लुंगलेईच्या रस्त्यावरच्या एका गावाजवळ आमची तुकडी. तेव्हा तिथे बंडखोरी चालू होती. गावात एक म्हातारबुवा होते. मिझो भाषेत वडीलधाऱ्या माणसाला आदराने 'पू' म्हणतात, आम्हीही त्यांना पू म्हणायचो. ते आसाम रेजिमेंटमध्ये नोकरी करून आलेले, म्हणून मोडकी हिंदी बोलायचे. एकदा मी त्यांना उगाच विचारलं, "पू, हे सगळं भांडण सुरू कशावरून झालं?" मला वाटलं, राजकारण सांगतील. त्यांनी समोरच्या डोंगरावरच्या बांबूकडे बोट केलं. "यावरून."

मिझो भाषेत त्याला माउताम म्हणतात. माउ म्हणजे बांबू, ताम म्हणजे मरणं. तिथला मुख्य बांबू दर अठ्ठेचाळीस वर्षांनी फुलतो. त्याला पेरूएवढी गरदार फळं येतात. उंदरांना मेजवानी. त्यांची संख्या बेसुमार वाढते, आणि फळं संपली की ती सगळी फौज एका रात्रीत भाताच्या शेतात उतरते. १९५९ साली हेच झालं. तेव्हा मिझो भाग आसामचा एक जिल्हा होता. तिथल्या म्हाताऱ्यांना साल आधीच माहीत होतं, कारण त्याआधीचा माउताम १९११ चा. म्हणून तिथल्या जिल्हा कौन्सिलने १९५८ मध्येच इशारा देऊन पंधरा लाख रुपये मागितले. वरच्यांना ती आदिवासी समजूत वाटली. बांबूला फूल आल्यावर दुष्काळ पडतो म्हणे!

दुष्काळ पडला. लोकांना मदत करायला तरुणांनी संघटना उभी केली, मिझो नॅशनल फॅमिन फ्रंट. तिचे पुढारी लालडेंगा. १९६१ च्या ऑक्टोबरमध्ये त्या नावातून 'फॅमिन' म्हणजे दुष्काळ हा शब्द गळाला आणि राहिला मिझो नॅशनल फ्रंट. १ मार्च १९६६ रोजी त्यांनी स्वातंत्र्य जाहीर केलं. मग वीस वर्षं लढाई. ऐजॉलवर विमानांतून हल्ला झाला. गावंच्या गावं उठवून रस्त्याकडेला वसवली गेली. दोन्ही बाजूंची माणसं मेली. करार झाला ३० जून १९८६ ला. मी त्या लढाईच्या शेपटाकडे पोचलो होतो, आणि मला तोवर वाटत होतं की ती एका विचारसरणीची लढाई आहे. तिची सुरुवात उंदरांनी खाल्लेल्या भातापासून झाली, हे एका म्हाताऱ्याने सांगेपर्यंत मला ठाऊक नव्हतं.

पूंनी पुढे बोटांवर हिशेब केला. "१९११ माउताम. अठरा वर्षांनी, १९२९, थिंगताम. ती दुसरी जात. तीस वर्षांनी, १९५९, माउताम. अठरा वर्षांनी, १९७७, थिंगताम. आता २००७ ला माउताम. त्यानंतर २०२५ ला थिंगताम. मी नसेन, तू असशील." मी हसलो आणि केवळ त्यांचं मन राखायला डायरीत लिहून घेतलं.

२००७ मध्ये बातमी वाचली. मिझोराममध्ये बांबू फुलला, उंदीर शेतात उतरले. मी जुनी डायरी काढली. साल बरोबर होतं. या वेळी मात्र सरकार सावध होतं. तीन वर्षं आधीपासून योजना आखली होती. उंदराच्या शेपटीमागे पैसे दिले, उंदीर खात नाहीत अशी आलं-हळदीसारखी पिकं घ्यायला लोकांना सांगितलं. नुकसान झालंच, लोकांचे हाल झालेच. पण १९५९ नंतर जे घडलं ते पुन्हा घडलं नाही. तिकडच्या माणसांना रसदीचा दुसरा रस्ता म्हणजे आलं, हळद, रस्त्यांवरून येणारं धान्य आणि म्हाताऱ्यांचा हिशेब खरा मानणारं सरकार.

याची दुसरी बाजूही आहे, आणि ती आपल्या मराठी मुलखाच्या सीमेवरची आहे. १८६४ साली उत्तर कॅनरात, सुपे भागाच्या जंगलात, असाच बांबू फुलला. तिथला बांबू गव्हासारखे दाणे देणारा. त्या वेळच्या नोंदी सांगतात की धारवाड आणि बेळगाव जिल्ह्यांतून अंदाजे पन्नास हजार माणसं त्या जंगलात उतरली. एकेक टोळी दहा-पंधरा दिवस मुक्काम करायची, दाणे गोळा करायची, पावसाळ्याची बेगमी घरी न्यायची आणि उरलेले विकायची. विचार करा, पन्नास हजार! बैलगाड्या, पोरंबाळं, रात्री जंगलात शेकोट्या. तोच फुलोरा एकीकडे उपासमार, दुसरीकडे कोठारं भरून धान्य. बेळगावच्या शेतकऱ्याचं मुख्य पीक दुसरीकडे होतं. बांबू हा त्याचा दुसरा रस्ता होता. मिझो शेतकऱ्याकडे डोंगरावरचा भात हा एकच रस्ता होता, आणि तोच उंदरांनी कापला.

आता परत रायपूरला येऊ, कारण ही गोष्ट नुसती हिमालयाची राहिली तर मी तुमचा वेळ घेतला असं होईल.

छत्तीसगडमध्ये पांडा नाही. पण बांबूवर पोट असलेले पुष्कळ आहेत. आमच्याकडून शंभरेक किलोमीटरवर बार-नवापाऱ्याचं अभयारण्य आहे, तिथे उन्हाळ्यात गवे बांबूची पानं ओरबाडतात. अलीकडे त्या बाजूला हत्तींचा वावर आहे, त्यांनाही बांबू प्रिय. माणसांत बघा. गरियाबंद-धमतरीकडचे कमार लोक पिढ्यान्‌पिढ्या बांबूच्या टोपल्या विणतात. इकडच्या लग्नात पर्रा आणि बिजना, म्हणजे बांबूचं पसरट सूप आणि पंखा, यांच्याशिवाय विधी होत नाही. पावसाळ्यात रायपूरच्या बाजारात करील विकायला येतं. बांबूचे कोंब. गडचिरोलीकडे त्यालाच वास्ते म्हणतात. सकाळी ते ताटात येतात तेव्हा आपण उद्याचा बांबू खातोय, हे आपल्या लक्षातही येत नाही. थोडं खायला हरकत नाही, मीही खातो. पण बेट रिकामं होईपर्यंत नव्हे.

आणि सगळ्यात मोठी अडचण अशी, की झाड दरवर्षी बी टाकतं. हवा तापली तर त्याची पुढची पिढी हळूहळू डोंगर चढू शकते. बांबूला ही संधी चाळीस-पन्नास वर्षांतून एकदा. छिनलिंगमधल्या बांबूच्या तीन मुख्य जातींचा अभ्यास २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. या शतकाच्या अखेरीपर्यंत तिथला पांड्याचा जवळजवळ सगळा अधिवास जाऊ शकतो, असा त्यातला इशारा आहे. सिक्कीमचा मालिंगो काय, आपला मानवेल काय, चुकलेली गाडी पकडायला पुढचं अर्धशतक थांबावं लागणार.

मग आपण काय करायचं? मी मोठ्या गोष्टी सांगत नाही, शेतावर जे केलं तेच सांगतो.

बेट वाळल्यावर सगळे म्हणाले, पेटवून द्या, जागा मोकळी होईल. मी पेटवलं नाही. फुललेल्या बांबूचा सगळ्यात मोठा वैरी वणवा आणि दुसरा वैरी चरणारी गुरं. वाळलेल्या काठ्या कापून काढल्या आणि दोन-तीन वर्षं काटेरी कुंपण घातलं. ती पऱ्ह्यासारखी रोपं आज कमरेपर्यंत आली आहेत. त्यांच्या शेजारी मुद्दाम दुसरी जात लावली, काटेरी कटांग. आणि तिसरी जात कोकणातून मागवली, माणगा. तिघांची घड्याळं वेगळी आहेत. एक संपेल तेव्हा दोन उभे असतील. जंगलात हेच करायचं तर एकाच जातीची लावणी टाळायची आणि दोन जंगलांमधली चिंचोळी पट्टी तोडायची नाही. ती पट्टी नकाशावर रिकामी दिसते. मलाही चौकीभोवतीची जागा रिकामीच करायची होती.

आणि शेवटचं काम म्हणजे नोंद. आमच्या आजोबांना ते बेट केव्हा फुलेल हे माहीत नव्हतं, कारण आधी कधी फुललं ते कुणी लिहिलं नव्हतं. मी आता विहिरीच्या कठड्यावर सिमेंटमध्ये खिळ्याने कोरून ठेवलंय: 'मानवेल, फुलला मार्च २०२२.' नात विचारते, "आबा, हे कशाला?" मी तिला सांगितलं, की पुढच्या वेळी तो फुलेल तेव्हा मी नसेन, तू असशील.

बोलून गेल्यावर लक्षात आलं, हे वाक्य माझं नाही. चाळीस वर्षांपूर्वी एका म्हाताऱ्याने ते मला दिलं होतं, आणि मी हसलो होतो. नात हसली नाही. तिने वही काढली आणि लिहून घेतलं.

तुमच्या गावात, शेतावर, सोसायटीच्या आवारात कुठे बांबू फुलला असेल, तर त्याचं साल कुठेतरी लिहून ठेवा. एवढीच विनंती.  जय हिंद.